अक्षराचे माप

छापखान्यात अक्षर मोठे करता येत नसे. आजच्या तरुण श्रोत्यांना ही गोष्ट चमत्कारिक वाटेल, कारण त्यांच्या हातातील यंत्रावर दोन बोटे फाकवली की अक्षर मोठे होते. परंतु ज्यांनी उभे राहून खिळे जुळविले आहेत त्यांना ठाऊक आहे की बारा पॉइंटांचा खिळा ओढून चोवीस पॉइंटांचा होत नाही. चोवीसचा खिळा पाहिजे असेल तर त्याचा ठसा पोलादात निराळा कोरावा लागे, त्यावरून निराळी मातृका पाडावी लागे, निराळे ओतकाम करावे लागे, आणि तो ठेवावयास निराळ्या केसी लागत. रोमन लिपीच्या छापखान्याला हे परवडे. देवनागरीला एका मापासाठीच चारशेच्या वर खिळे लागत. म्हणून लहान गावातील छापखान्याकडे दोन किंवा तीन मापे असली तरी तो छापखाना भरभराटीचा समजला जाई.

आम्ही कामगार संघटनेचे माणूस. शाळा फारशी झालेली नाही. जे शिकलो ते कंपोझिटरांच्या बाकड्याशेजारी आणि वाचनालयाच्या मेजावर. तेव्हा संगणकासारख्या विषयावर या व्यासपीठावरून आम्ही काय सांगणार, असा प्रश्न कोणाच्या मनात आला तर तो रास्त आहे. पण विषय संगणकाचा असला तरी प्रश्न जुनाच आहे. अक्षराचे माप घेण्याचे काम पूर्वी कोण करीत होता, आता कोण करतो, आणि ते काम कोणी केलेच नाही म्हणजे त्याची किंमत कोण भरतो, एवढेच आज आम्हांस पाहावयाचे आहे.

पूर्वी ते काम ठसे कोरणारा करीत असे. विल्यम केरी यांचे मराठी व्याकरण १८०५ साली बंगालमधील श्रीरामपूर येथे देवनागरी खिळ्यांत छापले गेले. त्या छापखान्याच्या अक्षरांमागे पंचानन कर्मकार या लोहार जातीच्या कारागिराचा आणि त्याच्या जावयाचा, मनोहराचा हात होता. मुंबईत अमेरिकन मिशनच्या छापखान्यात टॉमस ग्रॅहॅम याने देवनागरीचे सुबक खिळे पाडले. त्याच छापखान्यात लहानपणी कामाला लागलेल्या जावजी दादाजी यांनी पुढे १८६४ साली स्वतःचा खिळे ओतण्याचा कारखाना काढला आणि १८६९ साली निर्णयसागर छापखाना सुरू केला. निर्णयसागरचे नाव सर्वांना ठाऊक आहे, जावजींचेही आहे. पण त्या अक्षरांचे ठसे ज्यांनी कोरले त्या राणोजी रावजी आरू यांचे नाव किती जणांनी ऐकले असेल? असो. ती तक्रार आमच्या धंद्यातली आहे.

ठसे कोरणाऱ्याची विद्या कोणती होती हे मात्र नीट ध्यानात घेतले पाहिजे. लहान मापाचे अक्षर म्हणजे मोठ्या अक्षराची लहान प्रत नव्हे. लहान मापात तो रेघ किंचित जाड ठेवी, नाही तर ती शाईत नाहीशी होईल. ‘ध’ आणि ‘घ’ यांच्या पोटातली जागा तो प्रमाणाबाहेर मोकळी करी, नाही तर शाई भरून दोन्ही अक्षरे सारखीच दिसतील. मोठ्या मापात उलट, बारीक रेघ बारीकच ठेवी. डोळ्याला सर्व मापांत अक्षर एकच वाटावे म्हणून तो प्रत्येक मापात ते निराळे करी. ही त्या विद्येतील खरी खुबी आहे.

याची उलट पद्धतही छापखान्यात होती. मोठे शीर्षक हवे आणि तेवढा खिळा नाही, अशा वेळी लहान खिळ्यांत जुळवून त्याचा उठाव घेत, कॅमेऱ्याने तो वाढवीत आणि जस्ताचा ब्लॉक करीत. वेळ भागे. पण कडा फाटलेल्या दिसत. शाईचा प्रत्येक डाग अक्षराबरोबर मोठा होई. म्हणजे अक्षर मोठे करण्याच्या दोन रीती: एक, त्या मापाचे अक्षर नव्याने घडविणे, दुसरी, घडलेल्या अक्षराचे चित्र ताणणे. पुढे जे सांगावयाचे आहे ते सारे या दोन रीतींच्या भांडणातून निघाले आहे.

या गावाचा लिपीशी संबंध जुना आहे. एकोणिसाव्या शतकात आठल्ये यांनी येथूनच ‘जगन्मित्र’ चालविले. लोकमान्य टिळकांचा जन्म १८५६ साली येथलाच. ‘केसरी’च्या छपाईसाठी खिळ्यांची संख्या कमी कशी करता येईल यात त्यांनी स्वतः लक्ष घातले होते. सावरकर १९२४ पासून १९३७ पर्यंत येथे स्थानबद्ध होते. त्या काळात त्यांनी लिपिशुद्धीचा पुरस्कार केला आणि अ ची बाराखडी मांडली, तिचाही एक हेतू खिळे वाचविण्याचा होता. १९३० नंतर हरी गोविल यांनी अमेरिकेत लिनोटाइप यंत्रासाठी देवनागरी बसविली, तीही मोजक्या खिळ्यांत. हे सर्व प्रयत्न अक्षरांच्या संख्येचे होते. मापाचा प्रश्न मोठ्या माणसांनी हाती घेतला नाही, कारण तो कारागिराने अगोदरच सोडवून ठेवला होता आणि सुटलेला प्रश्न कोणाच्या डोळ्यांवर येत नाही.

संगणक आला आणि तो कारागीर मध्येच गळाला.

संगणकाचा पडदा ठिपक्यांचा असतो. १९८४ साली निघालेल्या मॅकिंटॉश यंत्रावर इंचाला ७२ ठिपके होते. विंडोजने ९६ ठिपक्यांचा हिशेब धरला. आता हिशेब करून पाहा. बारा पॉइंट म्हणजे इंचाचा सहावा भाग. ९६ चा सहावा भाग १६. म्हणजे बारा पॉइंटांच्या अक्षराला उभे १६ ठिपके मिळतात. इंग्रजी अक्षराला ते पुरतात. देवनागरीत त्याच १६ ठिपक्यांत वर वेलांटी, मात्रा, रफार आणि अनुस्वार; त्याखाली शिरोरेघ; मग अक्षराचा देह; आणि तळाशी उकार किंवा ऋकार बसवावयाचा. देहाच्या वाट्याला कसेबसे सात ठिपके उरतात. चाळीतील एका खोलीत तीन बिऱ्हाडे ठेवावी तशातला हा प्रकार.

आरंभी यावर उपाय म्हणून प्रत्येक मापाचे ठिपके हाताने मांडीत. आयआयटी कानपूर येथे सुरू झालेले आणि पुण्याच्या सी-डॅक संस्थेने, म्हणजे १९८८ साली स्थापन झालेल्या सरकारी संगणक संस्थेने, पुढे नेलेले जिस्ट कार्ड संगणकात खोचले की पडद्यावर आपली लिपी दिसे. ज्यांनी ते प्रथम पाहिले त्यांना झालेला आनंद आम्ही पाहिला आहे. परंतु ती अक्षरे ठराविक ठिपक्यांची. ती मोठी करावयाची म्हणजे ब्लॉक वाढवावयाचा.

१९९१ साली ॲपल कंपनीने ट्रूटाइप नावाची पद्धत काढली आणि पुढच्याच वर्षी विंडोजनेही ती घेतली. तीत अक्षर ठिपक्यांनी साठवीत नाहीत, त्याची बाह्यरेखा साठवितात. हव्या त्या मापाला रेखा वाढवावयाची आणि मग ठिपके भरावयाचे. पण नुसती रेखा वाढविली तर शिरोरेघ दोन ठिपक्यांच्या मध्येच पडते आणि कुठे जाड कुठे बारीक दिसते. म्हणून अक्षराबरोबर बारीक बारीक सूचना लिहून ठेवतात: या मापाला शिरोरेघ बरोबर एक ठिपका धर, या पोटातली जागा बुजू देऊ नकोस. श्रोतेहो, ही आरूंची विद्या आहे. पोलादातून निघून ती सूचनांच्या भाषेत गेली एवढेच.

या सूचना वाचून त्यांवर अंमल कोण करतो? तेच काम लायब्ररी करते. हा शब्द ऐकून वाचनालयाचे कपाट डोळ्यांपुढे येईल, पण धंद्यात त्याचा अर्थ निराळा. अनेक प्रोग्रामांना सारखीच लागणारी कामे एका फायलीत करून ठेवतात. प्रत्येक प्रोग्राम तिला हाक मारतो आणि आपले काम करवून घेतो. विंडोजमध्ये अशा फायलींना डीएलएल म्हणतात. जुन्या काळी मुंबईचा एक खिळ्यांचा कारखाना शंभर गावांतील छापखान्यांना अक्षरे पुरवी, तसाच हा संबंध. विंडोज २००० मध्ये यूएसपी१० नावाची अशी एक फाईल होती. जोडाक्षर कसे बांधावे, पहिली वेलांटी अक्षराच्या आधी कशी न्यावी, हे तिला ठाऊक होते. तिच्याबरोबर ‘मंगल’ हा टंक आला. तो रेखाटणारे र. कृ. जोशी १९३६ साली कोल्हापुरात जन्मले, आयआयटी मुंबईत त्यांनी अक्षरकला शिकविली आणि २००८ साली ते वारले. मंगल बारीक दिसतो अशी कुरकूर सरकारी कचेऱ्यांत कायम ऐकू येई. ती खोटी नव्हे. पण मात्रा, रफार आणि उकार यांना वरखाली जागा राखून ठेवावयाची तर देह लहान होणारच. दोष द्यावयाचा तर १६ ठिपक्यांना द्यावा.

ठिपके वाढले तर प्रश्न सुटेल असे कोणालाही वाटेल. ते वाढलेही. २०१० साली निघालेल्या आयफोनच्या चौथ्या नमुन्यावर इंचाला ३२६ ठिपके होते, आधीच्या नमुन्याच्या दुप्पट. २०१२ मध्ये ॲपलच्या लॅपटॉपवरही दाट पडदा आला, आणि पाठोपाठ इतरांनी आपले पडदे दाट केले. अशा पडद्यावर देवनागरी छापील पुस्तकासारखी दिसते. मात्र प्रोग्रामाने आपले माप ठिपक्यांत नव्हे, इंचात मोजले पाहिजे. जुने प्रोग्राम ठिपक्यांत मोजीत. ज्याला १६ ठिपक्यांची सवय आहे तो २८२ ठिपक्यांच्या पडद्यावरही सोळाच वापरतो. आणि जे अक्षर पूर्वी सव्वाचार मिलिमीटरांत बसे ते दीड मिलिमीटरांत बसते. पंचांगातल्या तळटिपेलाही आम्ही इतके बारीक अक्षर पाहिलेले नाही.

यावर विंडोजने २००७ साली व्हिस्टा या आवृत्तीत एक तोड काढली. प्रोग्रामाने अगोदरच सांगावे, ‘मला दाट पडद्याची जाण आहे, माझे माप मी घेईन.’ सांगितले तर यंत्रणा मध्ये पडत नाही. न सांगितले तर यंत्रणा प्रोग्रामाला खोटेच सांगते की पडदा ९६ ठिपक्यांचाच आहे, त्याचे चित्र घेते आणि ते ताणून पडद्यावर लावते. पुन्हा जस्ताचा ब्लॉक! दुप्पट ताणले तर फारसे बिघडत नाही. एका ठिपक्याचे चार होतात. पण विंडोजच्या यंत्रांवर सव्वापट आणि दीडपट हीच मापे अधिक चालतात, आणि दीड ठिपका जगात कोठे नाही. एका ठिपक्याची शिरोरेघ दीडपट झाली की यंत्र एक ठिपका काळा आणि एक करडा भरते. रोमन ओळीला आडवी रेघ सलग नसते, म्हणून तिथे हे खपून जाते. आपल्या ओळीवर ती पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत धुक्यासारखी पसरते.

प्रोग्रामाने हे जे सांगावयाचे ते ज्या कागदात लिहितात त्याला मॅनिफेस्ट म्हणतात. आम्ही जन्मभर मॅनिफेस्टो छापून वाटले, तेव्हा हा शब्द भेटल्यावर आम्हांला हसू आले. बंदरावर बोटीतल्या मालाच्या यादीलाही मॅनिफेस्ट हेच नाव आहे. दोन्हींचा अर्थ एकच, आत काय आहे ते उघड सांगणे. ज्याने सांगितले नाही त्याच्या वतीने दुसरा कोणी ठरवितो, हा अनुभव कामगारांना काही नवा नाही.

पुढची पायरी २०१३ ची. विंडोज ८.१ मध्ये एसएचकोअर नावाच्या लायब्ररीत अशी सोय झाली की एकाच यंत्राला दोन निरनिराळे पडदे जोडले तर प्रोग्रामाने प्रत्येकाचे माप निराळे घ्यावे. याची गरज काय ती अशाच सभागृहात समजते. वक्त्याचा लॅपटॉप दाट ठिपक्यांचा, भिंतीवर चित्र टाकणारे यंत्र विरळ ठिपक्यांचे. चौकट एकावरून दुसऱ्यावर सरकवली की अक्षर एकदम राक्षसासारखे होते, किंवा मागच्या रांगेला दिसेनासे होते. २०१७ साली या व्यवस्थेत आणखी दुरुस्ती झाली. शिवाय जुन्या प्रोग्रामांसाठीही एक युक्ती आली. त्यांनी दिलेली ‘येथे हे अक्षर काढ’ ही आज्ञा यंत्रणा वाटेतच अडविते आणि चित्र न ताणता ते अक्षर मोठ्या मापाने नव्याने काढते.

या युक्तीची उपयुक्तता आम्ही डोळ्यांनी पाहिली. एका कचेरीत नोंदी भरणाऱ्या मुलींसाठी नवे लॅपटॉप आले, पंधरा इंची, इंचाला १४१ ठिपक्यांचे. मराठी नोंदींचा प्रोग्राम मात्र जुनाच, आणि तो करून देणारी मंडळी कधीच दुसऱ्या धंद्याला लागलेली. कोणी पडदा सव्वापट ठेवला, तेव्हा अक्षर पुसट झाले. कोणी मूळ मापावर ठेवला, तेव्हा ते बारीक झाले. ‘कर्तृत्व’मधला ऋकार आणि ‘दुसऱ्या’मधला अर्धा र ओळखू येईनात; चुका वाढल्या, आणि चुकांबद्दल मेमो मिळू लागले. साहेबांचे म्हणणे, चष्मे तपासून घ्या. दोघींनी खरेच नवे चष्मे केले, स्वतःच्या पैशाने. आम्ही मागणीपत्र घेऊन गेलो तेव्हा आमच्याबरोबर एक तरुण होता. त्याने प्रोग्रामाच्या चिन्हावर उजवी कळ दाबली, प्रॉपर्टीज, मग कंपॅटिबिलिटी, मग ‘चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज’ असे करीत गेला आणि शेवटी ‘सिस्टिम एनहान्स्ड’ हा पर्याय निवडला. प्रोग्राम पुन्हा उघडला तर शिरोरेघ काळी आणि सरळ. तीन मिनिटेही लागली नाहीत. मेमो परत घेण्यास मात्र चार महिने लागले.

ही युक्ती प्रत्येक प्रोग्रामाला लागू पडत नाही हेही सांगितले पाहिजे. ज्याने अक्षरे आपल्याच रीतीने चित्रासारखी रंगविली आहेत त्याला ती उपयोगी पडत नाही. आणि पुष्कळ ठिकाणी माप बरोबर असूनही मराठीची मान कापलेली दिसते. कारण बटणाची किंवा यादीच्या ओळीची उंची कोणीतरी रोमन अक्षर डोळ्यांपुढे ठेवून ठरविलेली असते. वरचा अनुस्वार आणि खालचा दीर्घ उकार चौकटीबाहेर जातात. ‘मूर्ती’चे काय होते ते आपण घरी जाऊन पाहावे.

आता मालकीविषयी दोन शब्द; आमच्यासारख्याच्या तोंडी ते यावयाचेच. ट्रूटाइपमधील सूचनांवर अंमल करण्याची रीत ॲपलच्या पेटंटांत होती. फ्रीटाइप नावाची एक खुली लायब्ररी आहे, डेव्हिड टर्नर यांनी ती १९९६ साली सुरू केली. खुली म्हणजे तिचा मजकूर कोणीही वाचावा, सुधारावा, वाटावा. तिच्यात या सूचना वाचणारा भाग तयार होता, पण पेटंटांमुळे तो बंद ठेवून ती द्यावी लागे. त्याऐवजी अक्षर आपोआप ठिपक्यांवर बसविणारी दुसरी रीत त्यांनी केली. ती आरंभी मुख्यतः रोमन वळणाची होती, देवनागरीला तिच्यात नंतर जागा मिळाली. २०१० च्या मे महिन्यात पेटंटांची मुदत संपली आणि बंद ठेवलेला भाग खुला झाला. अक्षराने ठिपक्यावर कसे बसावे ही गोष्ट कोणाच्या मालकीची असू शकते, हे ऐकून राणोजी आरूंना काय वाटले असते?

आज अँड्रॉइडच्या फोनांवर अक्षराचे ठिपके फ्रीटाइप भरते, आणि जोडाक्षरे बांधण्याचे काम हार्फबझ नावाची दुसरी खुली लायब्ररी करते. हार्फबझ हा फारसी शब्द, अर्थ ‘खुले अक्षर’. फारसीतला ‘हर्फ’ आपल्या जुन्या कागदपत्रांतही भेटतो. पुण्यातही या दिशेने काम झाले. मॉड्युलर इन्फोटेकने दिलेल्या टंकांवरून रेडहॅटने २००४ साली लोहित हे टंक खुले केले, आणि त्यांची देखभाल पुण्याच्या कचेरीत होत असे. त्यांत मराठी वळणाचे ल आणि श आहेत की नाहीत याचा वाद घालणारेही मराठीच होते. वाद झाले म्हणूनच सुधारणा झाल्या. बंद लायब्ररीशी असा वाद घालता येत नाही. तिथे विनंतीअर्ज करावयाचा आणि पुढच्या आवृत्तीची वाट पाहावयाची.

हा विषय या वर्षी मांडण्यास एक कारण आहे. विंडोज १० चे सर्वसाधारण मोफत साहाय्य १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले. त्यामुळे कचेऱ्या, पतपेढ्या आणि शाळा जुनी यंत्रे मोडीत काढून नवी घेत आहेत. नव्या यंत्रांचे पडदे दाट आहेत, आणि त्यांवर चढणारे मराठी प्रोग्राम पुष्कळ ठिकाणी तेच जुने आहेत. खरेदीच्या कागदात किंमत असते, हमीची वर्षे असतात. अक्षराचे माप कोठे नसते. आमच्या संघटनेने आता ते मागणीपत्रात घातले आहे. यंत्र घेण्यापूर्वी जी माणसे त्यावर काम करणार त्यांच्यापैकी एकीला किंवा एकाला समोर बसवावे. रोजचाच प्रोग्राम उघडून त्यात ‘दुसऱ्यांचे’, ‘कर्तृत्व’, ‘मूर्ती’ आणि ‘वाङ्मय’ हे चार शब्द टंकावेत. पडदा आधी सव्वापट आणि मग दीडपट करून ते दोन हातांच्या अंतरावरून वाचावयास सांगावे. आणि वाचता आले तरच पावतीवर सही करावी.